मूळ टपालराव

पोस्टमास्तरांनी मुलीच्या फोनवरचं पोस्टर पाहिलं आणि हातातला चहाचा कप बशीत न ठेवता थेट टेबलावर ठेवला. एवढी बेशिस्त त्यांच्या हातून त्या घरात कधी झाली नव्हती.

पोस्टरवर एक गाढव होतं. त्याबद्दल तक्रार नव्हती. त्या गाढवासाठीच तर सगळं घर कित्येक महिने सिनेमाची वाट बघत होतं. पाठीवर टपालाच्या दोन थैल्या, मागे डोंगरावर चढत गेलेलं गाव, सगळं पुस्तकातल्यासारखं. पण गाढवाच्या डोळ्यांना लांबलचक पापण्या होत्या, कानामागे पिवळं फूल खोचलेलं होतं आणि खाली मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं, 'टपालताई'.

"हे कोण?" पोस्टमास्तरांनी विचारलं.

"तुम्हीच, बाबा," मुलगी म्हणाली आणि हसू दाबायला खिडकीबाहेर बघू लागली.

"अगं, इकडे ये जरा," त्यांनी ओट्याकडे हाक मारली. "हे बघ काय केलंय तुझ्या पुस्तकाचं."

पोस्टमास्तरांच्या पत्नीला सगळं गाव लेखिकाबाई म्हणत असे. त्या हात पुसत आल्या, पोस्टर नीट निरखलं आणि म्हणाल्या, "फूल बरं दिसतंय."

पोस्टमास्तरांना काय झालं होतं ते कळायला मागे जावं लागतं. 'टपालराव' छापून आलं तेव्हा ही मुलगी रांगत होती आणि पोस्टमास्तर अजून साधे पोस्टमन होते. खाकी कोट घालून गावातली चढणीची गल्ली रोज पायी चढत होते. पुस्तक लहानसं, मुखपृष्ठ दोनच रंगांत छापलेलं. त्यात एक गाढव होता, टपालराव नावाचा. डोंगरावरच्या गावाचं टपाल तो वाहायचा. आजवर त्याच्याकडून एकही पत्र हरवलं नव्हतं. कुठलं दार कुणाचं हे त्याला पाठ. थैलीतल्या पत्रात वाईट बातमी असली तर ती त्याला आधीच कळायची, आणि मग त्या दारात तो जरा जास्त वेळ थांबायचा. एखाद्या वळणावर त्याने चारी पाय रोवले की ढकलून हलायचा नाही, आणि शेवटी तोच बरोबर ठरायचा.

पोस्टमास्तरांनी पुस्तक एका बैठकीत वाचलं, मिटलं आणि म्हणाले, "हा मी."

लेखिकाबाई तेव्हा मुलीच्या झबल्याला टाके घालत होत्या. त्यांनी दाताने दोरा तोडला आणि विचारलं, "चहा ठेवू?" पोस्टमास्तरांनी तो होकार धरला.

दुसऱ्या कुणाला गाढव म्हटलं तर तो चार दिवस तोंड फिरवून बसतो. पोस्टमास्तर मात्र घरोघरी बटवडा करताना पत्राबरोबर ही बातमीही देऊन आले. पुढे पुस्तकाच्या आवृत्त्या निघत गेल्या, ते खरोखर पोस्टमास्तर झाले, निवृत्त झाले, पण गाढव काही निवृत्त झाला नाही. शाळाशाळांतून लेखिकाबाईंना बोलावणं यायचं आणि त्यांच्याबरोबर पोस्टमास्तर जायचे. लेखिकाबाई दोन वाक्यं बोलून खाली बसत. मग पोस्टमास्तर उठत आणि छाती पुढे काढून म्हणत, "मुलांनो, मीच तो गाढव." वर्ग टाळ्यांनी दणाणून जाई.

मुलं प्रश्न विचारत, तेव्हा पुस्तकातल्या पोस्टमनचा विषय हमखास निघे. हा पोस्टमन दोर धरून गाढवाच्या पुढे चालतो, अखंड बडबडतो आणि बोलण्याच्या नादात चुकीच्या गल्लीत शिरतो. गाढव वळणावर त्याची वाट बघत उभा राहतो आणि तो परत आला की त्याला मुकाट्याने योग्य दारी नेतो. पोस्टमास्तर हसून सांगत, "तो पोस्टमन मात्र पूर्ण काल्पनिक आहे. एवढा बावळट माणूस टपाल खात्यात टिकलाच नसता."

पहिला सिनेमा आला तेव्हा गाढवाच्या कातड्यात दोन माणसं घातली होती आणि मागच्या पायांचं पुढच्या पायांशी पटत नव्हतं. पोस्टमास्तरांनी तेही गोड मानून घेतलं. पुढे टीव्हीवर कार्टून आलं, त्यात टपालरावाला आवाज एका बाईने दिला होता. "लहान मुलांच्या कार्टूनमध्ये आवाज बायकांचेच असतात," त्यांनी शेजाऱ्यांना समजावलं. "आतून गाढव पुरुषच आहे." पण आता बाहेरूनही नव्हता, आणि वर कानामागे फूल होतं.

तेवढ्यात फोन वाजला. ग्रंथालयाचे सेक्रेटरी होते. सिनेमा लागेल त्या दिवशी ग्रंथालयात पोस्टमास्तरांचा सत्कार ठरला होता. 'मूळ टपालराव यांचा जाहीर सत्कार' असा फलक रंगवायला दिला होता. पोस्टमास्तरांचा आजवरचा हा पहिला सत्कार. निवृत्तीच्या वेळीसुद्धा त्यांना एक भिंतीवरचं घड्याळ देऊन लवकर घरी पाठवलं होतं.

"मास्तर, पोस्टर बघितलं," सेक्रेटरी चाचरत म्हणाले. "पेंटर विचारतोय, 'मूळ'च्या पुढे काय लिहू. 'मूळ' लिहून तो ब्रश धरून बसलाय."

"थांबायला सांगा त्याला."

"टपालताई लिहू म्हणतोय."

"त्याला म्हणावं ब्रश खाली ठेव," पोस्टमास्तर म्हणाले आणि फोन ठेवला.

त्यांनी त्याच दिवशी सिनेमाच्या दिग्दर्शिकेला आक्षेप पाठवला, रजिस्टर टपालाने, पोचपावतीसह. जी गोष्ट टपालात पडली नाही ती बोललीच गेली नाही, हे त्यांचं आयुष्यभराचं मत होतं. दिग्दर्शिकेने बिचारीने फोनवरच उत्तर दिलं. म्हणाली, "आजोबा, गाढवाचा बदल लेखिकाबाईंना विचारूनच केलाय. त्यांची संमती आहे."

पोस्टमास्तरांनी हळूच स्वयंपाकघराकडे पाहिलं. आत लेखिकाबाई गुणगुणत डबे पुसत होत्या. एखादा साधा नवरा आत जाऊन भांडला असता. पोस्टमास्तर पायात चपला सरकवून पोस्टात गेले आणि स्वतःच्याच घरच्या पत्त्यावर, लेखिकाबाईंच्या नावे, रजिस्टर पत्र टाकून आले.

मधल्या काळात घरात दोघं नेहमीसारखे जेवले, बोलले, पण गाढवाचा विषय कुणी काढला नाही. प्रकरण टपालात होतं.

पत्र घेऊन पोस्टमनबाई आल्या. पोस्टमास्तरांच्याच हाताखाली त्या नोकरीला लागल्या होत्या आणि आता तीच चढणीची गल्ली चढत होत्या. दाराशी सायकल लावून त्यांनी हाक दिली, "काकू, रजिस्टर आहे. सही करा." मग पाठवणाऱ्याचं नाव वाचून थबकल्या. "काका, हे तुम्हीच पाठवलंय? घरातल्या घरात?"

"आक्षेप आहे," पोस्टमास्तर आरामखुर्चीतून म्हणाले. "सिनेमावाल्यांनी टपालरावाची बाई केली. मला सांग, डोंगर चढून टपाल पोचवायचं, उन्हापावसात पाय रोवून उभं राहायचं, हे काम बाईचं आहे का?"

पोस्टमनबाईंनी खांद्यावरची भरलेली पिशवी दुसऱ्या खांद्यावर घेतली, कपाळावरचा घाम पुसला आणि म्हणाल्या, "मग मी इतकी वर्षं काय करतेय, काका?"

"तुझी गोष्ट वेगळी."

"माझ्या पायांना नाही वाटत तसं," असं म्हणून त्या पुढच्या दारी गेल्या.

लेखिकाबाईंचं उत्तरही टपालानेच आलं. पोस्टमास्तरांनी चष्मा पुसून पाकीट उघडलं. आत लिहिलं होतं, 'आपला आक्षेप मिळाला. चित्रीकरण शेजारच्या डोंगरगावात चालू आहे. रविवारी प्रत्यक्ष जाऊन पाहावे, मग बोलू. येताना दूध आणणे.'

रविवारी पोस्टमास्तरांनी कपाटातून जुना खाकी कोट काढला. पोटापाशी बटण लागत नव्हतं, पण आक्षेपाला वजन यायला हवं म्हणून त्यांनी श्वास ओढून लावलं. बसमध्ये ते लेखिकाबाईंशेजारी ताठ बसून राहिले. वाकले असते तर बटण गेलं असतं.

गाव छोटं, दगडी पायऱ्यांच्या गल्ल्यांचं. एका वळणावर दिवे, वायरी आणि पन्नास माणसांची धावपळ. मधोमध टपालताई उभी होती आणि कुणाचीतरी टोपी चघळत होती. दिग्दर्शिका वयाने पोस्टमास्तरांच्या नातीएवढी. तिने दोघांना खुर्च्या दिल्या, लेखिकाबाईंना वाकून नमस्कार केला आणि आक्षेप शांतपणे ऐकून घेतला.

"आजोबा, आधी नरच घेतला होता," ती म्हणाली. "दिसायला देखणा. पण दोन अडचणी आल्या. वाटेत कुठे गाढवीण दिसली की तो टपाल घेऊन तिच्यामागे जायचा."

"टपालराव असं कधीच करणार नाही."

"हा करायचा. आणि दुसरं म्हणजे..." तिने लेखिकाबाईंकडे पाहिलं; लेखिकाबाई आभाळाकडे बघत होत्या. "लहान मुलांचा सिनेमा आहे ना. नर असला की कॅमेरा कुठून लावायचा हा प्रश्न पडतो. प्रत्येक वेळी मध्ये एक झुडूप आणून ठेवायला लागायचं."

पोस्टमास्तरांनी थोडा वेळ झुडपाचा विचार केला. "मागच्या सिनेमात ही अडचण आली नव्हती."

"त्यात आत दोन माणसं होती, आजोबा."

"ते राहू दे. पण चालीचं काय? टपालरावाची एक चाल आहे. ती हिला येणार आहे का? मी या अशाच चढावर उभी हयात काढली आहे, मला विचारा."

दिग्दर्शिकेचं लक्ष त्यांच्या खाकी कोटाकडे गेलं. पोस्टमनचं काम करणाऱ्या नटाचा सकाळीच पायरीवर पाय मुरगळला होता आणि तो तंबूत पाय वर करून बसला होता. पाठीमागून घ्यायचं एक दृश्य तेवढं अडलं होतं.

"आजोबा, चालून दाखवता?" तिने विचारलं. "हा दोर धरा. वर त्या निळ्या दारापर्यंत."

पोस्टमास्तर उठले. मागे कॅमेरा हलला ते त्यांना कळलं, पण आपली साक्ष नोंदवून घेत असतील अशी त्यांची समजूत झाली. एका हातात दोर धरून ते चढू लागले आणि दुसऱ्या हाताने समजावू लागले.

"पाऊल बघा. आधी टाच. घाई नाही. टपालराव म्हणजे खात्याचा माणूस, त्याच्या अंगात एक जबाबदारी आहे. ही अशी मान खाली घालून... मान खाली चालणार नाही. मान वर. आणि निर्णय. चौकात आल्यावर क्षणभरही शंका नको."

चौक आला. निळं दार उजव्या गल्लीत, समोर दिसत होतं. टपालताईने चारी पाय रोवले. पोस्टमास्तरांना 'जबाबदारी' हा शब्द पुन्हा एकदा दोन्ही हातांनी दाखवायचा होता, त्यामुळे दोर त्यांच्या हातातून सुटला. ते त्यांच्या ध्यानात आलं नाही. ते ताठ मानेने डाव्या गल्लीत शिरले, बोलत बोलत सहा घरं ओलांडली, एक फाटक उघडलं आणि एका बाईंच्या वाळत घातलेल्या चादरींमध्ये जाऊन उभे राहिले.

"काय आणलंय?" बाईंनी तोंडातला चिमटा काढून विचारलं.

"आक्षेप," पोस्टमास्तर म्हणाले आणि गाढव दाखवायला मागे वळले. मागे ओली चादर होती.

ते परत चौकात आले तेव्हा टपालताई तिथेच उभी होती. तिने त्यांच्याकडे एकवार पाहिलं, कान हलवला आणि उजवीकडे निघाली. पोस्टमास्तर तिच्यामागून गेले. निळ्या दाराशी पोचल्यावर खालून टाळ्यांचा कडकडाट झाला आणि त्याच वेळी कोटाचं बटण सुटून पायऱ्या उतरत गेलं.

दिग्दर्शिका धावत वर आली. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. "आजोबा, पुस्तकातला पोस्टमन. तंतोतंत. तोंड चालू आणि पाय भलत्या गल्लीत. आमचा नट महिनाभर सराव करतोय, त्याला हे जमत नव्हतं."

"पोस्टमन?" पोस्टमास्तर म्हणाले. "मी गाढव करून दाखवत होतो."

सगळे हसले. फक्त लेखिकाबाई हसल्या नाहीत. त्या टपालताईच्या कानामागचं फूल सरळ करत होत्या, गरजेपेक्षा जास्त वेळ.

परतीच्या बसमध्ये पोस्टमास्तर खिडकीशी बसले. कोट आता मोकळा होता, पण त्यांना श्वास घ्यावासा वाटत नव्हता.

"तो पोस्टमन मी आहे," ते म्हणाले.

"हो," लेखिकाबाई म्हणाल्या.

"आणि गाढव?"

लेखिकाबाईंनी पर्सचा बंद उघडला, पुन्हा लावला. "सासूबाई होत्या तेव्हा. गाढवीण लिहिली असती तर त्यांना लगेच कळलं असतं. म्हणाल्या असत्या, बरं झालं, स्वतःच कबूल केलंस. म्हणून राव केला. कुणाला संशय येऊ नये. तर तुम्हीच उठून उभे राहिलात."

"मग सांगितलं का नाहीस?"

"केवढे खूश झाला होतात. रोज वाटायचं, उद्या सांगू. आणि उद्या कुठल्यातरी शाळेचं बोलावणं यायचं."

पोस्टमास्तर बाहेर बघत राहिले. त्यांना वाईट तारांचे दिवस आठवले. तेव्हा फोन मोजक्या घरांत. तार आली की दारातल्या माणसाचा चेहरा वाचायच्या आधीच पांढरा पडायचा. त्यांना ते बघवायचं नाही. तार देऊन, सही घेऊन ते पाय उचलायचे. घरी आल्यावर एवढंच म्हणायचे, "अमक्याकडे तार होती." मग लेखिकाबाई गॅस बंद करायच्या, मुलीला कडेवर घ्यायच्या आणि त्या घरी जाऊन बसायच्या. कधी संध्याकाळ उलटायची.

"वाईट पत्र असलं की गाढव दारात जास्त थांबतो," ते म्हणाले. "मी शाळेत सांगायचो, तो मी. मी तर कधीच थांबलो नाही."

"कुणीतरी थांबायला हवं होतं ना," लेखिकाबाई म्हणाल्या. "आणि कुठे थांबायचं ते तुम्हीच येऊन सांगायचात."

पोस्टमास्तरांनी ते वाक्य मनात दोनदा वाचलं. मग एक शंका त्यांना राहवेना. "पण मग त्या बावळटासाठी ती वळणावर उभी का राहते? निळं दार तिला ठाऊक होतं. एकटी पोचली असती की."

"बडबडीची सवय झाली होती," लेखिकाबाई म्हणाल्या. "ती नसली तर वाट लांब वाटते."

दूध आणायचं त्या दिवशी राहून गेलं.

यथावकाश सिनेमा लागला आणि सत्काराच्या दिवशी ग्रंथालय गच्च भरलं. पेंटरने 'मूळ'च्या पुढची जागा शेवटपर्यंत कोरी ठेवली होती. सकाळी पोस्टमास्तरांनी स्वतः जाऊन शब्द सांगितला. आता फलकावर ठळक अक्षरांत लिहिलेलं होतं, 'मूळ पोस्टमन यांचा जाहीर सत्कार'.

"मास्तर, तुम्ही पोस्टमन होतात हे सगळ्या गावाला माहीत आहे," सेक्रेटरी कानाशी लागले. "यात नवीन काय?"

"मला नवीन आहे," पोस्टमास्तर म्हणाले.

ते बोलायला उभे राहिले. पोस्टमनबाई कामावरून तशाच येऊन दाराशी टेकल्या होत्या. पहिल्या रांगेत शाळेची मुलं, मुलांमागे मुलगी आणि तिच्याशेजारी लेखिकाबाई, हात मांडीवर घेऊन.

"मी आजवर सगळ्यांना एक चुकीचा पत्ता देत आलो," पोस्टमास्तर म्हणाले. "टपालराव मी नाही. ती टपालताई आहे आणि ती आमच्या घरीच राहते. एवढी वर्षं तिच्यापुढे दोर धरून मी चाललो आणि मला वाटलं, मीच नेतोय. पुस्तकातला बावळट पोस्टमन मी. त्या पोस्टमनला मी सगळ्या शाळांतून हसलो, पण आता वाचलं तर लक्षात आलं, अख्ख्या पुस्तकात गाढव वळणावर थांबतं ते एकाच माणसासाठी. हा मान दुसऱ्या कुणाला मिळालेला नाही. सत्कार करायचा तर त्याचा करा."

मग दाराशी पोस्टमनबाईंनी पहिली टाळी वाजवली आणि मागोमाग सगळं ग्रंथालय. लेखिकाबाई मान खाली घालून बसल्या होत्या. मुलीने कोपराने ढोसलं तेव्हा त्यांनी ती वर केली.

पहिल्या रांगेतली दोन वेण्यांची एक मुलगी उठून उभी राहिली. तिच्या हातात 'टपालराव'ची फाटकी प्रत होती आणि चेहऱ्यावर फसवणूक झाल्याचं दुःख.

"आजोबा, म्हणजे तुम्ही गाढव नाही?"

"नाही गं बाळ," पोस्टमास्तर म्हणाले आणि त्यांची छाती नेहमीपेक्षाही पुढे आली. "त्याला लायकी लागते. ती आमच्या घरात हिची आहे."

मग सगळे सिनेमाला गेले. पडद्यावर खाकी कोटातली पाठ चढावर दिसली, डाव्या गल्लीत शिरली आणि थिएटर हसून लोळलं. पोस्टमास्तरांनी पुढच्या, मागच्या आणि बाजूच्या खुर्चीतल्या माणसाला वाकून सांगितलं, "पाठ माझी आहे. आणि ती गाढवीण म्हणजे ही." बाजूच्या खुर्चीत लेखिकाबाईच होत्या, तरी त्यांनाही सांगितलं.

घरी जाताना दोघं पायी निघाले. पोस्टमास्तर गळ्यातला हार हातात घेऊन पुढे चालत होते आणि बोलत होते. पोस्टमनच्या भूमिकेत किती बारकावे आहेत, पुढच्या शाळेत ते कसे समजावून सांगायचे, पहिल्या सिनेमात त्या नटाने त्याची कशी माती केली होती. कोपऱ्यावर त्यांचं घर उजवीकडे होतं. पोस्टमास्तर हार हलवत, ताठ मानेने, डावीकडे वळले.

लेखिकाबाई कोपऱ्यावर थांबल्या. त्यांनी हाक मारली नाही. दुकानातून दूध घेतलं आणि लांब जाणारा तो आवाज ऐकत दिव्याखाली उभ्या राहिल्या.